सावाकोबाईंची शेवटची मालिका

रायपूर,
डिसेंबर २०१२

प्रिय मोनाताई,

इंदूमावशीचा फोन आला होता. तू जेवतेस, भाजी निवडून देतेस, गच्चीवर उन्हात बसतेस, पण बोलत नाहीस, असं ती म्हणाली. "हो म्हणते, नाही म्हणते, अन् गप बसते पोट्टी," हे तिचे शब्द. म्हणून मी फोन न करता पत्र लिहितो आहे. फोनवर तुला लगेच काहीतरी बोलावं लागलं असतं. पत्राला तशी घाई नसते. आधी कच्चं लिहिलं होतं, आता पक्कं करतो आहे. "प्रशिक, तू तो किराने की पर्ची भी फेअर करता है," असं तू म्हणायचीस. अजूनही करतो.

बिलासपूरचं घर सोडून तू नागपूरला मावशीकडे गेलीस, त्याला आता सहा महिने होतील. इथे त्या विषयावर रोज बोलणं होतं. बाबा बोलतात, आई बोलते, शेजारचे शामराव काका पेपर परत द्यायला येतात आणि तेही बोलून जातात. मोनालीनं परत जावं की नाही, यावर सगळ्यांचं मत आहे. तुला मात्र कुणी विचारत नाही. या पत्रातही मी लगेच विचारणार नाही, घाबरू नकोस. आधी बातम्या सांगतो.

पहिली बातमी वाईट आहे. सावाकोबाई गेल्या. आपल्या सावाको इशिगामी, ज्यांच्या जपानी मालिका आपण पंडरीच्या त्या कोंदट खोलीत हिंदीत आणल्या, मी सोबतच्या इंग्रजी संवादांवरून वाक्यं लिहून आणि तू नायिकेच्या आवाजात बोलून. मुंबईहून नव्या मालिकेच्या टेप आल्या, त्यांच्यासोबतच्या माहितीच्या कागदावर शेवटी दोन ओळी होत्या. इस्पितळातच वारल्या, मालिका अर्धवट राहिली, असं लिहिलं होतं. मला इंग्रजी वाचायला वेळ लागतो, म्हणून ते मी दोनदा वाचलं. मग स्टुडिओत भैय्यालालला सांगितलं. त्यानं हातातला समोसा खाली ठेवला आणि म्हणाला, "अपनी सावाको दीदी?" तो त्यांना कधी भेटला नव्हता, त्यांचा फोटोसुद्धा त्यानं पाहिला नव्हता, पण त्या दिवशी त्यानं दुपारनंतर कुलूप लावलं. खालच्या कापडवाल्यानं विचारलं, कोण गेलं. भैय्यालाल म्हणाला, "घर की थीं."

आपली सुरुवात तुला आठवते ना? छत्तीसगढ नवं राज्य झालं होतं, गावात जो तो काहीतरी उघडत होता, आणि भैय्यालालनं कापडाच्या गोदामावर स्टुडिओ उघडला. भिंतींना न खपलेल्या गाद्या-चादरींचे गठ्ठे लावले होते, रस्त्यावरच्या टेम्पोचा आवाज आत येऊ नये म्हणून. रेकॉर्डिंग सुरू झालं की कूलर बंद. मे महिन्यात माणूस शिजायचा. रेल्वेच्या कामावर बाबांच्या पायावर रूळ पडला त्या वर्षी माझी अकरावी सुटली होती आणि भैय्यालालला सुवाच्य अक्षराचा पोरगा हवा होता. तू मात्र तिथे भांडायला आली होतीस. दुपारचे तीन वाजले तरी मी जेवायला घरी आलो नव्हतो. तू जिना चढून वर आलीस आणि दारातूनच सुरू केलंस: "भैया, मेरे भाई को खाना खाने कब छोड़ोगे? आपके यहाँ घड़ी है कि नहीं?" भैय्यालालनं कानावरचे हेडफोन काढले आणि म्हणाला, "दीदी, यही बात जरा इस माइक में बोलो. इतने ही गुस्से में." त्या दिवशी ठरलेली कॉलेजची मुलगी आली नव्हती. तू रागातच बोललीस, आणि पडद्यावरची ती जपानी मुलगी अचानक जिवंत झाली. मी उपाशीच राहिलो तो राहिलोच.

ती सावाकोबाईंची पहिली मालिका, निदान आपल्यापर्यंत आलेली पहिली. तळ्याच्या तळाशी एक गाव आहे, आणि एक मुलगी रोज शेवटच्या बसनं तिथे जाते, ती. मुलांसाठीची अद्भुत गोष्ट होती, पण तेलीबांध्याच्या तळ्याकडे आपण दोघं त्यानंतर वेगळ्याच नजरेनं बघायला लागलो. तू म्हणायचीस, खाली एक सदर बाजार असेल, तिथे मासे दागिने घडवत असतील. (ते तळं आता तुला ओळखू येणार नाही. काठ बांधून काढलाय, दिवे लागलेत, संध्याकाळी लोक बूट घालून चालायला येतात.) त्या टेपसोबतच्या कागदावर त्यांची माहिती तूच मला वाचून दाखवली होतीस. सतराव्या वर्षी शाळा सुटली. पटकथा छापणाऱ्या एका छापखान्यात कामाला लागल्या. दुसऱ्यांच्या पटकथा नीट उतरवायच्या, चुका काढायच्या, हे काम किती तरी वर्षं. मग एक लेखक आजारी पडला आणि एका भुताच्या मालिकेचा एक भाग यांनी लिहिला. त्यातून पुढे सगळं. तू कागद खाली ठेवून माझ्याकडे बघितलंस आणि म्हणालीस, "देख. ये भी पर्ची फेअर करती थी." त्या दिवशी मला किती बरं वाटलं, ते मी तुला कधी सांगितलं नाही.

दुसरी मालिका आठवली की मी अजून एकटा हसतो. छत्र्या दुरुस्त करणारा माणूस आणि शाळेतली बाई. आता सावाकोबाई अद्भुत सोडून प्रेमाकडे वळल्या होत्या, पण आपल्याला हे कुठे माहीत? टेप दोन-दोन भागांच्या यायच्या, पुढे काय आहे ते कळायला मार्ग नव्हता. बाई पहिल्याच भागात मोडकी छत्री घेऊन दुकानात जाते. रायपुरात दुकानदाराला काय म्हणतात? आपण दोघांनी डोळे मिटून लिहिलं, "भैया, ये छाता बन जाएगा क्या?" सहा भाग ती त्याला भैया, भैया म्हणत राहिली. तू ते म्हणायचीस पण इतकं गोड! आणि सातव्या भागात पुलावर त्यानं तिचा हात धरला.

मालिका गावातल्या ज्या केबलवर लागायची, तिच्या ऑफिसात फोन वाजायचे थांबेनात. सदर बाजारातल्या एका सराफाच्या घरून बाई ओरडल्या, "हमारे घर में बहू-बेटियाँ बैठती हैं, ये क्या पाप दिखा रहे हो?" भैय्यालाल डोकं धरून बसला. "प्रशिक, तैं मोला मरवा देबे!" तो घाबरला की छत्तीसगढीवर यायचा. मी सगळे कागद काढून पुन्हा तपासत होतो, जणू कुठेतरी भैया खोडता येईल. आणि तू चणे खात पुढच्या भागाची टेप मागे-पुढे करत होतीस. त्यातही पुलावर ती बाई एकदा नदीकडे वळते, कॅमेऱ्याकडे तिची पाठ असते, बराच वेळ. तू म्हणालीस, "इधर उसका मुँह दिखता ही नहीं. इधर कुछ भी बोल सकते हैं." आणि माइकपाशी जाऊन, मी काही लिहिण्याच्या आतच, तू बोललीस: "आज से मैं आपको भैया नहीं कहूँगी."

ते वाक्य रायपूरभर झालं. पोरं रिक्षांच्या मागे लिहायला लागली. आणि आपल्याला आपल्या धंद्यातली खरी युक्ती कळली: माणूस पाठमोरा असला की ओठ दिसत नाहीत, मग त्याच्या तोंडी काहीही घालता येतं. सावाकोबाईंच्या मालिकांत अशी पाठमोरी माणसं फार. भैय्यालाल तर ती शोधतच बसायचा. "ये देख, फिर पीठ कर ली. डाल, डाल, कुछ डाल इसमें." मी घालत गेलो.

तिसऱ्या मालिकेत मात्र तू अडलीस. ती विधवेची, जिचा नवरा दर हिवाळ्यात वारा होऊन घरात येतो. अद्भुतही आणि प्रेमाचीही. दोन्ही हात एकत्र आले तशी ती मालिका होती. त्यात ती दार लावून घेते आणि दाराकडे तोंड करून उभी राहते, तिथे मी चार ओळी लिहिल्या होत्या. चांगल्या होत्या, असं मला वाटत होतं. तू माइकपुढे उभी राहिलीस, ओळी वाचल्यास आणि म्हणालीस, "नहीं बोलूँगी. ये बाई इधर चुप है. लिखनेवाली ने चुप रखा है." भैय्यालालनं पुष्कळ विनवलं. तू नुसता एक श्वास घेतलास, तो तेवढा रेकॉर्ड झाला. भाग लागला त्या संध्याकाळी लोकांनी आवाज गेला म्हणून टीव्ही थोपटले, केबलवाल्याला शिव्या घातल्या. पण आई स्वयंपाकघरातून बाहेर आली होती, आणि त्या श्वासाला तिनं पदर तोंडाशी नेला. तेव्हा मला समजलं की गप्प राहणं दोन तऱ्हेचं असतं. एक माणूस स्वतः निवडतो. दुसरं त्याच्यावर येतं.

मग तुझं लग्न झालं. सावाकोबाईंच्या मालिकाही त्याच सुमारास थांबल्या. मुंबईवाल्यांनी सांगितलं की त्या आता लिहीत नाहीत, आईच्या आजारपणात घरी बसल्यात. स्टुडिओत मग भक्तिगीतं आणि छत्तीसगढी लग्नाचे अल्बम, दुसरं काही नाही.

बिलासपूरला मी तीन-चारदा आलो. तुझ्याकडच्यांनी माझा कधी अपमान केला नाही, हे मला लिहिलं पाहिजे. सुशीलभाऊजींनी मला स्टेशनवरून आणलं, जेवू घातलं. पण त्यांच्या आई एकदा कौतुकानं सांगावं तशा म्हणाल्या, "आमच्या घरात बाईचा आवाज भिंतीबाहेर जात नाही. तिची टीव्हीची सवय मोडायला वेळ लागला." भाऊजी हसले. तू पण हसलीस, आवाज न करता. दुसऱ्या वेळी मी पाहिलं, तू स्टीलची ताटं एकावर एक ठेवत होतीस आणि जराही आवाज होत नव्हता. इतक्या वर्षांत मी असं कुणाला भांडी ठेवताना पाहिलं नाही. आपल्या घरी तू भांडी ठेवलीस की शामराव काका पलीकडून आईला विचारायचे, "काय झालं वो अंजनाबाई, पडलं का कोणी?" परतीच्या गाडीत मी तेवढंच आठवत आलो. शेवटच्या वेळी तर तू माझ्याशीही कुजबुजून बोललीस, आणि घरात तेव्हा आपण दोघंच होतो.

आता नव्या मालिकेचं सांगतो, कारण त्यात माझी फार ओढाताण झाली आहे. सावाकोबाईंनी आईच्या मागे पुन्हा लिहायला घेतलं ते हे. हात्सुए नावाची पन्नाशीची बाई. बरीच वर्षं नवऱ्याच्या घरात राबते, आणि एका सकाळी कपड्यांची घडी अर्धी सोडून निघून येते. एका लहानशा स्टेशनवर डबे विकायला लागते. दुपारची एक गाडी अशी येते की तिच्यातून जुनी माणसं उतरतात, गेलेली, हरवलेली, आणि तिच्याकडचा डबा खाऊन पुढच्या गाडीनं जातात. तिथला एक सिग्नलवाला म्हातारा रोज तिच्याशी हवापाण्याचं बोलतो. प्रेम म्हणायचं तर तेवढंच, पण मोनाताई, मी टेप थांबवून थांबवून पाहिली. बाबांना सांगितलं तर ते म्हणाले, सिग्नलवाल्याले बोलाले वेळ कुठं असते.

एकूण अकरा भाग. नऊ पाहिले तोवर मला कागदावरच्या त्या दोन ओळी पूर्ण समजल्या नव्हत्या. दहावा लावला आणि काहीतरी खटकलं. हात्सुए एकदम फार बोलायला लागली. आणि प्रत्येक बोलण्यात माफी. सिग्नलवाल्याची माफी, मुलाची माफी, नवऱ्याची माफी. मी कागद पुन्हा काढला. नऊ भाग सावाकोबाईंचे. शेवटचे दोन दुसऱ्या कुणी लिहिलेत. अकराव्यात हात्सुए सामान बांधते आणि नवऱ्याच्या दारात जाऊन उभी राहते. पाठमोरी. दार उघडत नाही, ती वळत नाही, तिथेच मालिका संपते. त्या माणसाला बिचाऱ्याला मालिका कशी तरी पुरी करायची असेल. कुणाला ठाऊक, बाईंच्या मनात काय होतं.

भैय्यालाल म्हणतो, तिथे एक वाक्य पाहिजेच. "मुझे माफ कर दो, मैं लौट आई. बस, इतना डाल दे, पब्लिक रो देगी." रडेलही. त्यानं हात्सुएसाठी एका मुलीला बोलावलं होतं, शर्मिष्ठा नाव, टेलिफोनच्या कंपनीत काम करते, आवाज गोड आहे. तिनं ते वाक्य तीनदा वेगवेगळ्या तऱ्हेनं म्हणून दाखवलं. तिन्ही वेळा मला बिलासपूरची ताटं दिसली. मी म्हणालो, नाही. भैय्यालालला मी आजवर कधी नाही म्हणालो नव्हतो. त्यानं डोकं खाजवलं आणि म्हणाला, "तो मोनाली को बुला ना यार. हव, मैं भी वही सोच रहा था. पचास की औरत का आवाज़ ये बच्ची कहाँ से लाएगी?" मी म्हणालो, माझी बहीण चौतीसची आहे. तो म्हणाला, "दुख-सुख देखी है ना."

ताई, आता हे पत्र का लिहिलं ते सांगतो. मागच्या रविवारी जेवणं झाल्यावर बाबांनी मला बसवलं. सुशीलभाऊजींचा फोन आला होता. ते तुला घ्यायला नागपूरला जायला तयार आहेत, फक्त माहेरच्यांनी तुला समजवावं, असं म्हणाले. बाबा म्हणाले, "तुहं अक्षर चांगलं हाय. तिले नीट समजावून लिही. झालं गेलं सोडून दे म्हणा, आपल्या घरी जाय म्हणा." मी हो म्हणालो, कागद आणले, आणि दोन दिवस पहिल्या ओळीच्या पुढे गेलो नाही. तू काय ठरवशील ते तुझं. बिलासपूरला जावंसं तुला स्वतःला वाटलं, तर मी बॅग उचलून सोबत येईन. पण परत जा असं माझ्या अक्षरात लिहिलेलं तुला कधीही मिळणार नाही. इथे यायचं असेल तर ये. काम आहे, आपली पुढची खोली आहे. हे एवढं लिहून झाल्यावर मला वाटलं, बाबांना न दाखवता टपालपेटीत टाकणं बरं नाही. म्हणून आज सकाळी ते अंगणात उन्हात बसले होते, तिथे वेताचा मोढा घेऊन बसलो आणि पहिल्यापासून सगळं वाचून दाखवलं. ताटांचं वाचताना आई भिंतीला टेकली. बाबांनी चष्मा काढून मांडीवर ठेवला होता. संपल्यावर तो पुसून डोळ्यांवर चढवला. मग म्हणाले, "कुजबुजत होती? मोनाली?" मी हो म्हणालो. ते उठले, फाटकापर्यंत गेले, परत आले. "सुशीलले मी फोन करतो. ते तू पाहू नको. अन् तिले खाली लिही, माह्या नावानं लिही." तर हे बाबांचं, त्यांच्याच शब्दांत: "रातच्या गाडीनं नको येऊ, दिवसाच्या गाडीनं ये. मी टेसनावर येतो. बोगीचा नंबर पहिले कळव, मले आता गाडीमागं पळणं होत नाही."

तुझाच,
प्रशिक